पाच दिवस आधी

१२ मार्च १९९३ म्हटलं की मराठी माणसाला एकच गोष्ट आठवते. शुक्रवार होता. दुपारी दीडच्या सुमारास शेअर बाजाराच्या इमारतीत पहिला स्फोट झाला आणि पुढच्या दोनेक तासांत मुंबईत बारा ठिकाणी बाँब फुटले. २५७ माणसं गेली. ही तारीख माझ्याही डोक्यात तशीच बसलेली आहे. त्यामुळे काही वर्षांपूर्वी हवामानशास्त्रावरचे जुने शोधनिबंध चाळताना एका शीर्षकात '१२ ते १४ मार्च १९९३' असं दिसलं, तेव्हा क्षणभर आपण चुकीचं काहीतरी उघडलंय असं वाटलं. निबंध एका हिमवादळाबद्दल होता. नेमकं सांगायचं तर त्या वादळाच्या भाकिताबद्दल.

मुंबईत दुपारचे दीड वाजतात तेव्हा अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर पहाटेचे तीन वाजलेले असतात. त्या शुक्रवारी पहाटे मेक्सिकोच्या आखाताच्या पश्चिम टोकाला, टेक्ससच्या किनाऱ्याजवळ, कमी दाबाचं एक क्षेत्र आकाराला येत होतं. पुढच्या दोन दिवसांत ते फ्लोरिडापासून कॅनडापर्यंत गेलं, वाटेत अडीचशेहून अधिक माणसं मेली, पूर्व किनाऱ्यावरचा प्रत्येक मोठा विमानतळ कधी ना कधी बंद पडला. तिकडे त्याला 'शतकातलं वादळ' म्हणतात. आपल्याकडे ही बातमी कुणी वाचली असेल असं वाटत नाही. त्या आठवड्यात आपल्याला दुसऱ्या बातम्या होत्या.

आणखी एक विचित्र योगायोग. अशा वादळांना हवामानशास्त्रात 'बाँब' म्हणतात. हा शब्द वर्तमानपत्री नाही. एमआयटीतले फ्रेड सँडर्स आणि त्यांचे सहकारी जॉन ग्याकम यांनी १९८०मध्ये एका निबंधात तो रीतसर व्याख्या करून रूढ केला. वादळाच्या केंद्रातला दाब २४ तासांत साधारण २४ मिलीबारने किंवा त्याहून जास्त घसरला, तर तो बाँब. (अक्षांशाप्रमाणे हा आकडा थोडा बदलतो.) १९९३चं वादळ या व्याख्येत सहज बसतं. त्याच्या केंद्रातला दाब उतरत उतरत ९६० मिलीबारपर्यंत गेला. हे आकडे आपण अरबी समुद्रातल्या किंवा बंगालच्या उपसागरातल्या तीव्र चक्रीवादळांच्या संदर्भात ऐकलेले असतात. थंडीतल्या, जमिनीवरून फिरणाऱ्या वादळात ते दिसणं म्हणजे काहीतरी भलतंच.

पण मला या वादळात रस वाटला तो त्याच्या ताकदीमुळे नाही. हे वादळ येणार हे पाच दिवस आधी सांगितलं गेलं होतं. वादळाचा मागमूसही नव्हता, आखातावर स्वच्छ आकाश होतं, आणि काही माणसं कागदावर बोट ठेवून म्हणत होती की शनिवारी इथे असं असं होणार. १९९३ सालचे संगणक आणि त्या वेळची निरीक्षणं लक्षात घेतली तर हे धाडस होतं. ते करणारी माणसं चौदा वर्षांपूर्वी याच परीक्षेत सपशेल नापास झाली होती.

त्याआधी थोडं मागे जातो, १८८८पर्यंत. अमेरिकेत १८७०पासून हवामानाची निरीक्षणं आणि भाकितं हे काम लष्कराच्या सिग्नल सर्व्हिसकडे होतं. कारण साधं होतं: तारायंत्रांचं जाळं आणि शिस्तीत आकडे टिपणारे सैनिक त्यांच्याकडे होते. भाकिताला ते आधी 'शक्यता' म्हणत, मग 'चिन्हं' म्हणू लागले. 'फोरकास्ट' हा ठाम शब्द सरकारी कागदांवर यायला १८८९ उजाडलं. मला हे वाचताना आपला 'अंदाज' आठवला. आपल्या खात्याने पहिल्यापासून नम्र शब्द निवडला, आणि तरी 'खात्याने पाऊस नाही म्हटलं की छत्री घेऊन निघायचं' हा विनोद चुकला नाही.

शनिवार, १० मार्च १८८८ला न्यू यॉर्कमध्ये हवा चांगली उबदार होती. नकाशावर दोन कमी दाबाची क्षेत्रं दिसत होती, एक उत्तरेला, एक दक्षिणेला. दोन्ही समुद्रात निघून जातील असं धरून लोकांना थोडा पाऊस आणि मग स्वच्छ हवा, असं काहीतरी सांगितलं गेलं. रविवारी पाऊस पडला. मध्यरात्रीनंतर त्याचा बर्फ झाला आणि तो बुधवारपर्यंत कमीजास्त चालू राहिला. शहरात २१ इंच बर्फ पडला, पण वाऱ्याने त्याचे जे ढिगारे लावले ते काही ठिकाणी पहिल्या मजल्यापर्यंत गेले. तारा तुटल्या. म्हणजे ज्या तारांवरून भाकितासाठी आकडे यायचे त्याच तुटल्या आणि वॉशिंग्टनमधल्या कार्यालयाला न्यू यॉर्कमध्ये काय चाललंय हेही कळेना. किनाऱ्यावर मिळून चारशेच्या आसपास माणसं मेली. त्यांत रॉस्को कॉन्कलिंग हे माजी सिनेटर होते. ते वॉल स्ट्रीटवरून पायी घरी निघाले, युनियन स्क्वेअरच्या बर्फात रुतून कोसळले, त्यातून उठले, पण महिनाभराने गेले. न्यू यॉर्कने तारा जमिनीखाली घालायचं आणि पुढे भुयारी रेल्वेचं मनावर घेतलं त्यात या वादळाचा मोठा हात आहे. हवामानाचं काम १८९१मध्ये लष्कराकडून काढून शेतीखात्याकडे दिलं गेलं.

त्या काळच्या भाकीतकारांना दोष द्यायला जीभ धजत नाही. त्यांच्याकडे जमिनीवरचे आकडे होते. वरच्या हवेचं काहीच नव्हतं. आणि हिवाळी वादळाची किल्ली वर असते.

आपल्या ओळखीचं चक्रीवादळ गरम समुद्रावर जगतं. समुद्राची वाफ वर जाते, तिचे ढग होताना उष्णता बाहेर पडते, त्यावर वादळ पोसलं जातं. जमिनीवर आलं की ते मरतं. समशीतोष्ण पट्ट्यातल्या वादळाचं खाद्य वेगळं असतं. एका बाजूला आर्क्टिककडून आलेली थंड, जड हवा आणि दुसऱ्या बाजूला आखातावरची उबदार, हलकी हवा अशा शेजारी शेजारी उभ्या असतील, तर त्या व्यवस्थेत प्रचंड ऊर्जा साठलेली असते. पाण्याची भरलेली टाकी गच्चीवर असावी तशी. थंड हवा खाली सरकू लागते, उबदार हवा तिच्यावर चढते, आणि उंचीची ती ऊर्जा वाऱ्याची ऊर्जा होते. ही तोटी केव्हा उघडेल हे ठरतं नऊदहा किलोमीटर उंचीवर, जिथे जेट स्ट्रीम नावाची वाऱ्याची नदी पश्चिमेकडून पूर्वेकडे वाहते. या नदीला वळणं पडतात. वळणाच्या ठरावीक बाजूला वरची हवा फाकते, विखुरते. तिची जागा भरायला खालची हवा वर ओढली जाते, आणि जमिनीवरचा दाब घसरतो. वरचं वळण आणि खालचा थंड-उबदार हवेचा सांधा नेमके एकावर एक आले तर वादळ भराभर फुगतं. चार-पाचशे किलोमीटरने हुकले तर दोन्ही गुपचूप निघून जातात आणि कुणाला पत्ता लागत नाही. पूर्व अमेरिकेतल्या भाकीतकाराची सगळी झोप या 'तर'मध्ये उडते.

हे सगळं गणितात मांडता येतं हे १९०४पासून माहीत होतं. नॉर्वेच्या विल्हेम बियर्कनेसने सांगितलं की आजच्या हवेची स्थिती आणि भौतिकशास्त्राचे नियम एवढं पुरेसं ठेवलं तर उद्याची स्थिती काढता येईल. लुइस फ्राय रिचर्डसन या इंग्रज क्वेकरने ते करून पाहिलं. पहिल्या महायुद्धात फ्रान्समध्ये रुग्णवाहिका चालवता चालवता त्याने २० मे १९१० या एका जुन्या दिवसाचं सहा तासांचं 'भाकीत' हाताने काढलं. आकडेमोडीला काही आठवडे लागले आणि उत्तर आलं की दाब १४५ मिलीबारने वाढेल. प्रत्यक्षात त्या दिवशी दाब जवळजवळ हललाच नव्हता. त्याने हे अपयश १९२२मध्ये पुस्तकात सविस्तर छापलं. मला या माणसाबद्दल फार आदर आहे. पुढे १९५०मध्ये एनिअॅक या संगणकावर जूल चार्नी, जॉन फॉन नॉयमन आणि मंडळींनी २४ तासांचं भाकीत काढलं; त्याला जवळपास २४ तासच लागले. म्हणजे हवामानाशी बरोबरी झाली होती. त्यानंतरची गोष्ट संगणकाच्या वेगाची.

इथे आपलाही धागा जोडलेला आहे. ऐंशीच्या दशकात भारताला मान्सूनच्या भाकितासाठी अमेरिकेकडून क्रे एक्स-एमपी-२४ हा महासंगणक हवा होता. तो अणुबाँबच्या आकडेमोडीला वापरला जाईल या भीतीने तो नाकारला गेला आणि त्याऐवजी लहान एक्स-एमपी-१४ अनेक अटींसह दिल्लीला मिळाला. या नकारातून १९८८मध्ये पुण्यात सी-डॅक उभी राहिली, आणि विजय भटकरांच्या नेतृत्वाखाली १९९१मध्ये 'परम ८०००' तयार झाला. ढगांची आकडेमोड करणारं यंत्र आणि बाँबची आकडेमोड करणारं यंत्र एकच, ही अडचण काही खोटी नव्हती. फॉन नॉयमनने दोन्ही केलं होतं.

आता १९७९. १८ फेब्रुवारी, रविवार. दुसऱ्या दिवशी प्रेसिडेंट्स डेची सुट्टी. वॉशिंग्टनला थोडाफार बर्फ पडेल असं सांगितलं गेलं होतं. सोमवारी सकाळी लोक उठले तर बाहेर दीड फुटाहून जास्त बर्फ. राजधानी ठप्प. गंमत अशी की त्याच महिन्यात शेतमालाला भाव मिळावा म्हणून देशभरातले शेतकरी ट्रॅक्टर घेऊन वॉशिंग्टनवर चालून आले होते. त्यांनी रस्ते अडवून लोकांना वैताग आणला होता आणि पोलिसांनी त्यांचे ट्रॅक्टर संसदेसमोरच्या मैदानात कोंडून ठेवले होते. बर्फ पडल्यावर शहरात हलू शकणारी वाहनं तीच. मग याच शेतकऱ्यांनी रस्ते मोकळे केले, डॉक्टर आणि नर्सना ट्रॅक्टरवर बसवून इस्पितळांत पोचवलं.

भाकीत इतकं का चुकलं, हा प्रश्न काही लोकांना सोडवेना. अल्बनीच्या विद्यापीठातल्या लान्स बोसार्टने १९८१मध्ये त्या वादळाची चिरफाड केली आणि दाखवलं की किनाऱ्यालगत थंड आणि उबदार हवेचा एक अरुंद सांधा तयार झाला होता, समुद्रातून येणारी उष्णता आणि बाष्प महत्त्वाचं होतं, आणि त्या वेळच्या मॉडेलच्या जाळीत हे पकडायची सोयच नव्हती. जाळी म्हणजे काय, तर संगणक हवेचे चौकोनी तुकडे पाडतो आणि प्रत्येक तुकड्याला एक तापमान, एक वारा, एक दाब देतो. चौकोन शंभर-दोनशे किलोमीटरचा असेल तर तीस किलोमीटरचा सांधा त्यातून गळून जातो, मोठ्या भोकांच्या चाळणीतून रवा गळतो तसा.

वॉशिंग्टनजवळच नासाच्या गोडार्ड केंद्रात लुइस उचेलिनी नावाचा तरुण शास्त्रज्ञ काम करत होता. त्याने पुढची काही वर्षं या एकाच वादळामागे घालवली. हे मला विशेष वाटतं. एक सुट्टी बुडवणारा बर्फ, आणि त्यावर निबंधामागून निबंध. त्याने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी दाखवलं की वादळ फुगण्याच्या बऱ्याच तास आधी, शेकडो किलोमीटर पश्चिमेला, तपस्तब्धीला घडी पडली होती. तपांबर आणि स्थितांबर यांच्यामधली ही सीमा शाळेच्या भूगोलात सरळ रेषेने काढलेली असते. प्रत्यक्षात जेट स्ट्रीमपाशी ती दुमडते आणि स्थितांबरातली कोरडी, जोरात भोवंडणारी हवा जीभ बाहेर काढावी तशी खाली उतरते. ही जीभ खालच्या उबदार सांध्यावर आली की वादळ भडकतं. म्हणजे चिन्हं होती, पण ती किनाऱ्यावर नव्हती. शेकडो किलोमीटर मागे आणि दहा किलोमीटर वर बघायला हवं होतं.

१९७९च्या आदल्याच वर्षी उलटा प्रकार झाला होता. फेब्रुवारी १९७८मध्ये बोस्टन भागातल्या मोठ्या हिमवादळाचं भाकीत बऱ्यापैकी बरोबर आलं होतं. बर्फ सकाळी सुरू होईल असं सांगितलं होतं. सकाळी काहीच नाही. लोक हसले आणि कामावर गेले. बर्फ काही तास उशिरा सुरू झाला आणि संध्याकाळी बोस्टनभोवतालच्या रूट १२८ या महामार्गावर तीन हजारांहून अधिक गाड्या जागच्या जागी गाडल्या गेल्या. काही लोक गाडीतच धुराने गुदमरून मेले. चुकलेल्या भाकितापेक्षा न ऐकलेलं भाकीत जास्त माणसं मारतं का, याचा हिशोब करता येणार नाही. पण भाकीतकारांच्या मनात दोन्ही वर्षं शेजारी शेजारी असणार.

१९८९मध्ये उचेलिनी गोडार्ड सोडून राष्ट्रीय हवामान केंद्रात, म्हणजे रोजची भाकितं काढणाऱ्या ठिकाणी गेला. मार्च १९९३मध्ये तिथल्या भाकीत विभागाचा तो प्रमुख होता. केंद्राच्या जागतिक मॉडेलची जाळी आता सुमारे शंभर किलोमीटरची होती. १९९२च्या डिसेंबरात आणखी एक नवी गोष्ट सुरू झाली होती. एडवर्ड लॉरेन्झने १९६३मध्ये दाखवून दिलं होतं की सुरुवातीच्या आकड्यांतली बारीक चूकही काही दिवसांत सगळं भाकीत बिघडवू शकते. मग एकच भाकीत काढण्याऐवजी सुरुवातीचे आकडे मुद्दाम थोडे थोडे बदलून अनेक भाकितं काढायची. सगळी एकाच ठिकाणी येऊन पोचली तर विश्वास ठेवायचा. दहा दिशांना फाकली तर गप्प बसायचं.

८ मार्चच्या सोमवारी अमेरिकी मॉडेल आठवड्याच्या शेवटी पूर्व किनाऱ्यावर एक राक्षसी वादळ दाखवत होतं. युरोपीय केंद्राचं मॉडेल आणि ब्रिटिश मॉडेलही साधारण तेच सांगत होती. मॉडेल्स असं काहीतरी अचाट अधूनमधून दाखवतात आणि दुसऱ्या दिवशी विसरतात. हे विसरेनात. प्रत्येक नव्या फेरीत वादळ तिथेच, तितकंच खोल. केंद्रातल्या माणसांची अडचण समजून घ्या. मॉडेल जे आकडे देत होतं ते त्यांच्यापैकी कुणीही प्रत्यक्षात पाहिले नव्हते. अलाबामात फूटभर बर्फ, तोही मार्चच्या मध्यावर, हे बोलून दाखवायला तोंड उघडत नाही. चुकलं तर १९७९पेक्षा वाईट. सगळा देश आवरून बसलेला आणि बाहेर ऊन.

त्यांनी सांगायचं ठरवलं. वादळ येणार हे पाच दिवस आधी, आणि बर्फ किती भयंकर पडेल याची कल्पना तीन दिवस आधी दिली गेली. बर्फाचा एक कण पडण्याआधी काही राज्यांच्या गव्हर्नरांनी आणीबाणी जाहीर केली. विमान कंपन्यांनी विमानं हलवली. आज हे रोजचं वाटतं. त्या दिवशी पहिल्यांदाच होत होतं.

शनिवारी, १३ मार्चला, बर्मिंगहॅम, अलाबामात १३ इंच बर्फ पडला. पिट्सबर्गमध्ये दोन फूट. सिराक्यूजमध्ये साडेतीन फूट. टेनेसीतल्या माउंट लकाँटवर ५६ इंच. हवेच्या दाबाचे जुने विक्रम किनाऱ्यावर ठिकठिकाणी मोडले. भाकीत बरोबर आलं होतं.

शोधनिबंध इथे संपला असता तर मी हे लिहायला बसलो नसतो. त्यात पुढे एक भाग आहे, आणि तो लिहिणाऱ्यांनी लपवलेला नाही. उत्तरेकडच्या बर्फाचं भाकीत पाच दिवस आधी बरोबर सांगणाऱ्या मॉडेल्सना शुक्रवारी आखातावर वादळ किती झपाट्याने खोल होतंय हे काही तास आधीही कळलं नाही. जहाजांकडून आणि तेलाच्या फलाटांवरून येणारे आकडे मॉडेलच्या पुढे धावत होते. शुक्रवारी मध्यरात्रीनंतर विजांच्या वादळांची एक रांग फ्लोरिडावर आदळली. तिच्यात चक्रीवातही होते. तिच्या मागून आखाताचं पाणी चढलं. टेलर काउंटीतल्या डेकल बीचसारख्या मासेमारांच्या आणि सुट्टीतल्या घरांच्या वस्त्यांवर दहा-बारा फूट पाणी आलं, पहाटे, लोक झोपेत असताना. फ्लोरिडावाल्यांना समुद्राचं पाणी चढणं माहीत नाही असं नाही. पण ते हरिकेनबरोबर येतं, आणि हरिकेन जून ते नोव्हेंबर. मार्चमधल्या हिमवादळाची बातमी ऐकून त्यांनी ती उत्तरेकडच्या लोकांची भानगड म्हणून सोडून दिली असेल, तर त्यात त्यांचं काय चुकलं? त्या वादळात फ्लोरिडात चाळीसहून अधिक माणसं मेली. विजयी भाकिताच्या कथेत ही माणसं बहुतेक वेळा एका परिच्छेदात उरकली जातात.

मी या गोष्टीकडे परत परत येतो, कारण यात विज्ञान हरलं किंवा जिंकलं असं काही म्हणता येत नाही. एकाच वादळाबद्दल, एकाच संगणकातून, दोन हजार किलोमीटर दूरचं आणि दोन दिवसांनंतरचं बरोबर दिसत होतं, आणि डोळ्यासमोरचं दिसत नव्हतं. जेट स्ट्रीमची वळणं मोठी असतात. जाडसर जाळीतही सापडतात. आखातावरचे ढग, त्यांतून सुटणारी उष्णता, वाऱ्याने ढकललेलं पाणी ही बारीक कामं. तिथे पुन्हा चाळणीची भोकं आड आली.

उचेलिनी पुढे, २०१३मध्ये, अमेरिकेच्या सगळ्या राष्ट्रीय हवामान सेवेचा संचालक झाला. जानेवारी २०१५मध्ये न्यू यॉर्कला दोन ते तीन फूट बर्फाचा इशारा दिला गेला. महापौरांनी लोकांना घरी बसायला सांगितलं, बर्फासाठी भुयारी रेल्वे बंद ठेवली गेली, तीच रेल्वे जी १८८८च्या बर्फाने शहराला सुचवली होती. सेंट्रल पार्कात ९.८ इंच पडला. वादळाची कड अपेक्षेपेक्षा थोडी पूर्वेला सरकली होती. हवामान सेवेच्या एका अधिकाऱ्याने ट्विटरवर लोकांची माफी मागितली. संचालकांना पत्रकारांसमोर येऊन सांगावं लागलं की भाकितातली अनिश्चितता आम्ही नीट पोचवायला हवी होती. त्या वेळी तासाभराच्या अंतरावर, लाँग आयलंडच्या मध्यावर, लोक दोन फूट बर्फातून आपल्या गाड्या उकरून काढत होते.